डाव्या कोपऱ्यातले मासे

माझा स्वभाव संशयी आहे, हे मी आधीच कबूल करून टाकतो. पोटापाण्याचा धंदाच तसा आहे. मी टेस्टिंगमध्ये काम करतो. दुसऱ्यांनी बनवलेलं आणि "एकदम ओके आहे" असं सांगून माझ्याकडे पाठवलेलं सॉफ्टवेअर कुठे बिनसलंय ते शोधायचं, आणि मग ते कुणामुळे बिनसलं तेही शोधायचं. वीस वर्षं हे केल्यावर माणूस घरीसुद्धा तसाच वागायला लागतो. फ्रीजमधलं श्रीखंड दोन चमचे कमी झालं तरी मला कळतं, आणि कळलं की मी गप्प बसत नाही.

आमचं घर नेदरलँड्समधल्या फेल्डहोवनला. रांगेतल्या घरांपैकी एक, मागे रुमालाएवढी बाग, बागेच्या टोकाला सायकलींची शेड. घरात मी, बायको, आठ वर्षांची मुलगी आणि बाबा. बाबा तीन महिन्यांसाठी आले होते आणि अडकले होते.

अडकले कसे, ते सांगायला हवं, कारण पुढचं सगळं त्यातूनच आलं. आई आणि बाबा दोघंही एप्रिलमध्ये येणार होते. पण फेब्रुवारीत बायकोची नवी नोकरी सुरू झाली आणि मुलीला शाळेतून आणायला कुणी नव्हतं. मी पुण्याला फोन केला. म्हटलं, "बाबा, तुम्ही पुढे या. आईचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं की ती येईल मागून." बाबा का-कू करत होते. मी त्यांना फार वेळ दिला नाही, तिकीट काढूनच टाकलं. ते आले, चार आठवडे त्यांनी नातीला शाळेतून आणलं, मग शाळाच बंद झाली आणि विमानंही. एप्रिलच्या शेवटी आई गेली. कोविड नव्हता, हृदय होतं. पण त्या दिवसांत सगळ्यांना सारखंच नेत होते. मामेभावाने अग्नी दिला, सोबत सोसायटीतले तिघे. मी आणि बाबांनी ते मोबाईलवर पाहिलं, तेही मधेमधे अडकत. दहावं-बारावं नंतर बघू, असं गुरुजींनीच सांगितलं.

बाबा रडले नाहीत. मला काही बोललेही नाहीत. "तू कशाला बोलावलंस?" हे एक वाक्य येईल म्हणून मी दिवस दिवस वाट पाहत होतो. ते आलं असतं तर मी ऐकून घेतलं असतं, भांडलो असतो, निदान ते एकदाचं झालं असतं. पण बाबांनी मिठाची गुळणी धरली होती. आणि मला तर दुसऱ्याच्या गप्प बसण्यात नेहमीच काहीतरी दिसतं. ते मला दोष देतात का, एवढंच मला हवं होतं. विचारायची मात्र छाती नव्हती.

पुढे विमानं थोडीफार सुरू झाली तेव्हा बाबा म्हणायला लागले, "मी जातो आता." कुठे जाणार? त्या बंद फ्लॅटमध्ये एकटे? व्हिसाची मुदत वाढवून मिळाली होती, तरी त्यांचं "जातो" काही थांबेना. काहीतरी हवं होतं ज्यात त्यांचा जीव रमेल. म्हणून ऑक्टोबरात मी शेजारच्या गावातल्या एका डच म्हाताऱ्याकडून वापरलेली माशांची टाकी आणली. टाकीसोबत पाच गोल्डफिश. त्यांतला एक चांगला हाताच्या पंजाएवढा.

म्हाताऱ्याने त्याच्या दारातच, दीड मीटर लांब उभं राहून, मला बजावलं होतं. दिवसातून एकदाच खायला घालायचं. दोन मिनिटांत संपेल एवढंच. आणि आठवड्यातून एक दिवस काहीच नाही. तो पुढे म्हणाला, गोल्डफिशला जठर नसतं, त्याला पोट भरलं असं कळतच नाही, तो चोवीस तास मागत राहील, तुम्ही विश्वास ठेवू नका. मला हा माणूस फार आवडला.

घरी आल्यावर मी सगळ्यांना नियम वाचून दाखवले. "आठवड्यातून एक उपास? वा!" बाबा म्हणाले. "मग सोमवार ठेवा." कित्येक महिन्यांनी ते असं काहीतरी बोलले होते, त्यामुळे सोमवारच ठरला. खायला घालायचं काम मी माझ्याकडे घेतलं. संध्याकाळी सहा वाजता, टाकीच्या उजव्या बाजूने झाकण उचलायचं आणि चिमूटभर दाणे टाकायचे. बाबांनी बघायचं. ते बघतही असत. जेवणाच्या टेबलाची त्यांची खुर्ची टाकीच्या डाव्या टोकाला लागूनच होती. ते तासन् तास तिथे बसत. त्यांचं "जातो" बंद झालं. मी स्वतःची पाठ थोपटून घेतली.

डिसेंबरात पाणी दुधाळ झालं. मी अर्धं बदललं. चार दिवसांनी पुन्हा तेच. पाणी तपासायच्या पट्ट्या आणल्या तर पट्टी गुलाबी झाली, म्हणजे पाण्यात घाण वाढलीय. आणि संध्याकाळी मी दाणे टाकले की मासे यायचे, पण असे, जसं लग्नात जेवून आलेला माणूस घरी पानावर बसतो. दोन दाणे खायचे, बाकीचे सावकाश तळाला. ज्याला पोट भरलेलं कळत नाही त्या प्राण्याने असं का करावं? मी नेटवर वाचलं, जर्मन आणि डच मत्स्यप्रेमींच्या चर्चा भाषांतर करून करून वाचल्या. सगळ्यांचं म्हणणं एकच. कुणीतरी जास्तीचं घालतंय.

मी सोडून घरात तीन माणसं. मी कामाला लागलो.

पहिल्यांदा मी दाण्यांच्या डब्यावर मार्करने बारीक रेघ मारली. आठवडाभर पाहिलं. माझी चिमूट सोडली तर डबा तसूभर कमी झाला नव्हता. म्हणजे डब्यातलं नाही, दुसरंच काहीतरी. हे तर जास्तच वाईट.

मग मी मुलीला धरलं. शाळा पुन्हा बंद झाली होती, ती दिवसभर घरी. ब्रेडच्या कडा ती खात नाही, हे जगजाहीर. त्या कडा जातात कुठे?

"माशांना ब्रेड घालतेस का?"

"इक नीत!" ती म्हणाली. डचमध्ये 'मी नाही', एवढंच ते, पण ती फार जोरात म्हणाली.

"मराठीत सांग."

"बाबा, आय डिडन्ट! आय गिव्ह देम टु आई."

चौकशी केली. ब्रेडच्या कडा खरंच बायकोच खात होती. मग बायको. तिला पहिल्यापासून ती चिमूट पटलेली नव्हती. "एवढ्यावर पाच जीव कसे जगणार?" असं ती दोनदा म्हणाल्याचं मला पक्कं आठवत होतं. तिला विचारलं तर तिने लॅपटॉपवरून मानसुद्धा वर केली नाही.

"मला दिवसाला सात मीटिंग्ज आहेत. मी मासे भरवत बसू?"

"तू पोळीचे तुकडे..."

"अरे, प्लीज. हे आता टू मच होतंय. त्या टाकीला कॅमेरा लाव आणि मला सोड."

कॅमेऱ्याचा विचार माझ्या मनात येऊन गेलेला होता, पण ते मी बोललो नाही. बायको बोलताना माझ्याकडे बघत नव्हती, हे मात्र मी मनात लिहून ठेवलं. कुठेतरी पाणी मुरत होतं.

बाबांवर मला संशय आलाच नाही. तसं बघितलं तर टाकीजवळ सगळ्यात जास्त वेळ तेच असत. पण तेच नियमाचे पक्के. सोमवारी चुकून माझा हात डब्याकडे गेला तर तेच म्हणायचे, "आज उपास ना रे?" शिवाय त्यांच्याबद्दल माझ्या मनात दुसराच संशय ठाण मांडून बसला होता, तिथे माशांना जागा नव्हती.

जानेवारीत एक मासा मेला. पांढरा-लाल, सगळ्यात लहान. सकाळी बाबांनीच पाहिला. ते मला उठवायला वर आले, दारात उभे राहिले आणि म्हणाले, "एक गेला." त्यांचा चेहरा इतका उतरला होता की मला धसका बसला. त्याच दिवशी जेवताना ते पुन्हा म्हणाले, "मार्चपर्यंत तिकीट मिळतंय का बघ." मी बघतो म्हटलं आणि बघितलं नाही. आता हा फक्त पाण्याचा प्रश्न नव्हता. हे मासे संपले की बाबा जाणार, आणि न बोलता जाणार, असं मला दिसायला लागलं.

त्यानंतरच्या आठवड्यात मी दुपारी चार्जर न्यायला खाली आलो. मी वरच्या खोलीत काम करायचो आणि दुपारी खाली फिरकायचो नाही. आम्ही दोघं आणि मुलगी दुपारी आपापल्या स्क्रीनसमोर ब्रेड खायचो, इथल्या पद्धतीने. बाबांना ब्रेड चालत नसे. ते साडेबाराला स्वतःचं पान वाढून टेबलाशी जेवायचे. मी खाली आलो तेव्हा ते स्वयंपाकघरात वरण गरम करत होते. खोलीत कुणी नव्हतं. आणि टाकीतले चारही मासे डाव्या कोपऱ्यात जमले होते. तोंडं वर, पाण्याच्या अगदी कडेला, एकमेकांना ढुशा देत.

मी चार्जर हातात धरून बघत राहिलो. मी संध्याकाळी सहाला घालतो. उजवीकडून घालतो. हे दुपारी साडेबाराला डावीकडे कुणाची वाट बघतायत?

मासे घड्याळ शिकतात, हे मी तोवर वाचलं होतं. रोज एकाच वेळी, एकाच जागी खायला मिळालं की ते आधीच तिथे येऊन थांबतात. माणसंसुद्धा ओळखतात, निदान खायला घालणारं आणि न घालणारं एवढा फरक त्यांना कळतो. म्हणजे माझ्या घरात चार साक्षीदार होते आणि मी त्यांना कधी विचारलंच नव्हतं. मला झालेला आनंद लपवत मी वर गेलो.

रविवारी मी ओळख परेड घेतली. हे आता लिहितानाही मला लाज वाटते, पण तेव्हा मी पूर्ण गंभीर होतो. सगळ्यांना जिन्यापाशी उभं केलं आणि एकेकाला टाकीसमोर चालत जायला सांगितलं. पहिला मी गेलो. मासे उजव्या कोपऱ्यात आले, शिस्तीत. मुलगी रॅम्पवर चालल्यासारखी गेली. मासे थोडे वळले, परत फिरले. बायको हाताची घडी घालून गेली. त्यांनी तिच्याकडे बघितलंही नाही.

"झालं समाधान?" ती म्हणाली.

"बाबा, तुम्ही."

"मी कशाला रे?" बाबा म्हणाले. "मी तर दिवसभर तिथेच असतो."

"आजोबा, कम ऑन!" मुलीने त्यांना मागून ढकललं.

ते तीन-चार पावलं चालले असतील. चारही मासे टाकीच्या त्या टोकापासून या टोकापर्यंत असे धावत आले की पाणी हललं. डाव्या कोपऱ्यात नुसती तोंडं. मोठा मासा तर पाण्याबाहेर ओठ काढून मुटुमुटू करत होता. मुलगी टाळ्या वाजवून हसायला लागली. बाबाही हसले. "माणूस ओळखतात हो," असं म्हणून ते आपल्या खुर्चीत जाऊन बसले. बायको हसली नाही. मीही हसलो नाही.

मला राग आला होता. तो कसला होता हे मी आता स्पष्ट सांगतो. बाबांनी नियम मोडला याचा तो राग नव्हता. ते हे मुद्दाम करतायत, असं माझ्या डोक्यात शिरलं होतं. टाकी मी त्यांना थांबवायला आणली, हे त्यांना ठाऊक होतं. भूगोलाचे मास्तर होते ते, पन्नास मुलांच्या वर्गात मागच्या बाकावर काय चाललंय ते त्यांना फळ्याकडे तोंड करून कळायचं. मासे मेले की थांबायचं कारण संपलं. तोंडाने दोष द्यायचा नाही, फक्त मी आणलेलं एकेक हळूहळू मारायचं. असा विचार मी स्वतःच्या बापाबद्दल केला.

दुसऱ्या दिवशी सोमवार होता, माशांच्या उपासाचा दिवस. मी साडेबाराची मीटिंग पुढे ढकलली आणि मोजे घालून, जिन्याची आवाज करणारी पायरी वगळून खाली आलो.

बाबा टेबलाशी बसले होते. पान वाढलेलं होतं. वरण-भात, लिंबाची फोड, भेंडीची भाजी. जेवायला सुरुवात केलेली नव्हती. त्यांनी खुर्ची टाकीकडे वळवली होती, डाव्या हाताने झाकण उचललं होतं आणि उजव्या हाताच्या बोटांत कालवलेल्या भाताचा लहानसा घास होता. तो त्यांनी पाण्यावर सोडला. ते काहीतरी बोलत होते. मला वाटलं माशांशीच.

"घे ना," ते म्हणत होते. "तुझ्यासारखं नाही झालं वरण, माहितीय मला. पण घे. किती दिवस असं करणार?"

मोठ्या माशाने घास ओढून घेतला. एक क्षण तोंड मिटलं, आणि मग सगळी शितं भस्सकन बाहेर. बाबा तसेच बघत राहिले. त्यांच्या चेहऱ्यावर जे होतं ते मी आईच्या बातमीच्या दिवशीसुद्धा पाहिलं नव्हतं.

तिथे मी मागे फिरायला हवं होतं. पण इतके दिवस मेहनत करून पकडलेली चोरी होती.

"बाबा, भात घालता तुम्ही त्यांना? रोज? त्याने पाणी सडतं. मरतील ते. एक मेलाय, तुमच्यामुळे मेलाय."

बाबांनी झाकण खाली ठेवलं. हात पुसला. "मरतात का भाताने?" त्यांनी विचारलं. "मला वाटलं भात आहे, काय होतंय. तिचा घास काढून ठेवतो मी रोज. टाकवत नाही."

मग मला सगळं एकदम आठवलं. उन्हाळ्यात ते बागेतल्या शेडच्या छपरावर घास ठेवत. शेजारची डच बाई, सभ्यपणे, उंदीर येतात म्हणून सांगायला आली होती. आणि मी बाबांना तिच्यासमोरच म्हणालो होतो, "इथे असलं चालत नाही, बंद करा." त्यांनी त्याच दिवशी बंद केलं होतं. पुढे त्या घासाचं ते काय करतात, असा प्रश्न मला एकदाही पडला नव्हता. इतका संशयी माणूस मी.

तेव्हा मात्र मी "बरं, पण आता नका घालू" एवढंच म्हणालो आणि वर निघून गेलो.

संध्याकाळी बायकोला सांगितलं. तिने लॅपटॉप मिटला.

"मला माहीत होतं," ती मग म्हणाली. "रोज त्यांचं जेवण झालं की तळातली शितं मीच जाळीने काढायचे. मीटिंग असली की राहून जायचं."

"आणि तू मला बोलली नाहीस?"

"काय बोलू? तू लगेच फाइल उघडून बसला असतास." तिचा आवाज चढला. "तुला कळतं का, ते एकटे जेवतात. रोज. आपण तिघं आपापल्या स्क्रीनसमोर बसून ब्रेड चावतो आणि ते एकटे जेवतात. त्यांनी कुणाशी तरी बोलायचं ना."



पुढचे तीन दिवस बाबांनी टाकीत काही घातलं नाही. खुर्ची फिरवून ते टाकीकडे पाठ करून बसायला लागले. मी काहीतरी निमित्त काढून साडेबाराला खाली यायचो. मासे त्याच कोपऱ्यात जमलेले असायचे. बाबा जेवत असायचे आणि मागे चार तोंडं उघडबंद होत असायची. त्यांचं जेवण होऊन ते उठले, ताट घासायला गेले, तरी मासे तिथून हलायचे नाहीत. पाणी हळूहळू स्वच्छ होत होतं. मला ते स्वच्छ पाणी बघवत नव्हतं.

चौथ्या दिवशी मी कॅलेंडरमध्ये दुपारचा एक तास अडवला, खाली आलो आणि ताट घेतलं. बाबांनी बघितलं. कुकर उघडून त्यांनीच मला भात वाढला. आम्ही समोरासमोर बसलो. त्यांच्या ताटाच्या कडेला एक घास वेगळा काढलेला होता. मी तो बघितला आणि त्यांनी मला बघताना बघितलं.

"एक विचारू का?" ते म्हणाले. "तू बरंच वाचलंयस म्हणून विचारतो. ते तोंडात घेऊन थुंकून का टाकतात?"

"कोण?"

"मासे. मी ऑक्टोबरपासून बघतोय. घास घेतात आणि टाकतात. रोज. एक दिवस असा गेला नाही."

मला हे उत्तर पाठ होतं. मी सांगितलं की गोल्डफिशला पुढे दात नसतात, ते आत घशात असतात. काहीही मिळालं तरी तो आधी तोंडात घेऊन चाचपतो, बाहेर टाकतो, फुटलं की पुन्हा घेतो. मोठा तुकडा असेल तर चार-चार वेळा. मी घालतो त्या दाण्यांचंही तेच करतो. खायची रीतच ती आहे त्यांची.

"म्हणजे नको म्हणून नाही?"

"नाही."

"पुन्हा घेतात?"

"थोडं थांबलं तर घेतात."

बाबांनी ताटातल्या भातावर बोटं टेकवली आणि तशीच ठेवली. "मी थांबत नव्हतो," ते म्हणाले. "टाकलं की मी झाकण लावायचो. म्हटलं, राग गेला नाही हिचा अजून. ऑपरेशनला आलेली बाई, डोळ्यात थेंब घालायला माणूस नाही, आणि नवरा निघून गेला. चिडणारच."

हेच ते होतं ज्याची मी नऊ महिने वाट बघत होतो. मी म्हटलं, "तुम्ही कुठे निघून गेलात? मी बोलावलं. तिकीट मी काढलं. चिडायचं तर माझ्यावर चिडा ना, बाबा. बोला तरी."

ते माझ्याकडे बघत राहिले, जणू मी काहीतरी भलतंच बोललो होतो. "तिकीट तू काढलंस," ते म्हणाले. "विमानात मी बसलो. मला यायचं होतं. नातीला बघायचं होतं. तुझ्या आईला म्हटलं, महिन्याचा तर प्रश्न आहे. तुला कशाला दोष देऊ? मला वाटत होतं, तूच मला देतोयस. ती गेल्यापासून माझ्याकडे धड बघत नाहीस."

नऊ महिने दोघं एकाच घरात, एकमेकांच्या तोंडाकडे बघून एकच हिशेब उलटा मांडत होतो. मी रडलो. बाबा मला थांब म्हणाले नाहीत. त्यांनी पाण्याचा पेला माझ्याकडे सरकवला आणि वरण निवतंय म्हणाले.

थोड्या वेळाने त्यांनी तो वेगळा काढलेला घास उचलला. अर्ध्याहून जास्त परत ताटात ठेवला. उरलेली पाच-सहा शितं त्यांनी माझ्या तळहातावर ठेवली.

"एवढ्याने नाही ना मरत?"

"नाही," मी म्हटलं. "मी काढीन नंतर जाळीने."

"मग आज तू घाल. तू अजून तिला एकदाही दिलं नाहीस."

खरं होतं. मी झाकण उचललं. मासे डाव्या कोपऱ्यात होतेच. हात पाण्याजवळ नेला आणि शितं एकेक करून सोडली. मोठा मासा वर आला. त्याने घेतली. तोंड मिटलं.

त्याने ती बाहेर टाकली.

मला सगळं माहीत होतं. घशातले दात, चाचपणं, खायची रीत, पाच मिनिटांपूर्वी मीच ते सगळं समजावून सांगितलं होतं. पण ही मला नको म्हणतेय, एवढंच माझ्या मनात आलं. मी झाकण लावायला लागलो.

बाबांनी माझं मनगट धरलं. "थांब," ते म्हणाले. "जरा थांब."